आँरी अलेग यांच्या अल्जीरियातील आठवणी पुरावा म्हणून किती ग्राह्य धराव्यात?

प्रश्न : कृष्णाकाठ

नमस्कार. आमच्या गावच्या वाचनालयात दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी आम्ही आठ-दहा जण जमतो आणि एका पुस्तकावर बोलतो. गेल्या खेपेस मी आँरी अलेग या पत्रकाराच्या आठवणी निवडल्या होत्या. मूळ फ्रेंच पुस्तक २००५ साली निघाले. त्याचा इंग्रजी अनुवाद कोलकात्याच्या सीगल या प्रकाशनसंस्थेने काढला असल्यामुळे तो मला सहज मिळाला. त्या बैठकीत जो वाद झाला, तो मिटवणे मला जमले नाही, म्हणून येथे विचारत आहे.

ज्यांनी अलेग वाचलेले नाहीत त्यांच्यासाठी थोडी पार्श्वभूमी. १९२१ साली लंडनमध्ये एका ज्यू कुटुंबात जन्मलेले अलेग १९३९ मध्ये अल्जियर्सला गेले आणि तेथेच रमले. १९५० पासून ते ‘आल्जे रेपुब्लिकँ’ या दैनिकाची धुरा सांभाळत होते. १ नोव्हेंबर १९५४ रोजी राष्ट्रीय मुक्ती आघाडीने फ्रेंच सत्तेविरुद्ध सशस्त्र लढा सुरू केला आणि पुढच्या सप्टेंबरात सरकारने या दैनिकावर बंदी घातली. नोव्हेंबर १९५६ मध्ये अलेग भूमिगत झाले. १२ जून १९५७ रोजी ते पकडले गेले आणि त्यानंतर महिनाभर अल्जियर्सच्या एल बियार भागातील एका अर्धवट बांधलेल्या इमारतीत फ्रेंच छत्रीधारी सैनिकांनी त्यांचा छळ केला.

आमच्यातील एका ज्येष्ठ सभासदांनी, जे आयुष्यभर कोर्टात कारकून होते, दोन हरकती घेतल्या. पहिली अशी की, अलेग हे कम्युनिस्ट पक्षाचे कार्यकर्ते होते, लोकमत घडवणे हाच त्यांचा व्यवसाय होता आणि ज्या गुन्ह्याविषयी ते सांगतात त्या गुन्ह्याचे बळीही तेच होते. तेव्हा त्यांना तटस्थ साक्षीदार कसे म्हणायचे? दुसरी अशी की, ८४ वर्षांच्या माणसाने जवळजवळ अर्ध्या शतकापूर्वीचे प्रसंग बारकाव्यांसह सांगितले, तर त्यातील किती आठवलेले आणि किती नंतर जुळवलेले, हे कोण ठरवणार? मला पुस्तक मनापासून खरे वाटले. परंतु ‘मला खरे वाटले’ हे उत्तर त्यांना मी देऊ शकलो नाही. पत्रकारितेचा किंवा इतिहासाचा अनुभव असलेल्यांनी कृपया मार्गदर्शन करावे.

प्रतिसाद १ : जुळारी

मी पुण्यातील एका दैनिकात एकतीस वर्षे उपसंपादक होतो. बातमीदाराने आणलेल्या मजकुरावर किती विश्वास ठेवायचा, हे ठरवण्यातच माझी नोकरी गेली, त्यामुळे तुमच्या ज्येष्ठ मित्रांचे प्रश्न मला परके वाटत नाहीत. ते योग्य आहेत आणि त्यांचे उत्तर पुस्तकातच शोधता येते.

प्रथम एक गोष्ट ध्यानात घ्यावी लागेल. अलेग यांनी आपली हकिकत दोनदा सांगितली आहे. तुम्ही वाचलेली २००५ सालची. पहिली त्यांनी छळानंतर काही महिन्यांतच, अल्जियर्सच्या बारबरूस तुरुंगात असताना लिहिली. तिचे कागद वकिलांनी लपवून बाहेर नेले आणि फेब्रुवारी १९५८ मध्ये पॅरिसमध्ये जेरोम लँदों यांच्या एदिसियों द मिन्वी या संस्थेने ती छापली. तिचे नाव ‘ला केस्त्यों’, म्हणजे ‘प्रश्न’. जुन्या फ्रेंच न्यायपद्धतीत आरोपीकडून जबाब काढण्यासाठी जो अधिकृत छळ केला जाई, त्यालाही हाच शब्द होता. मार्चच्या अखेरीस सरकारने प्रती जप्त केल्या, पण तोपर्यंत साठ हजारांहून अधिक प्रती विकल्या गेल्या होत्या, आणि पंधरवड्याच्या आत लोझानच्या एका प्रकाशकाने ते पुस्तक स्वित्झर्लंडमधून पुन्हा बाजारात आणले. तुमच्या मित्रांची दुसरी हरकत या पहिल्या हकिकतीला लागू पडत नाही. तिच्यातल्या जखमा लिहिताना ओल्याच होत्या.

आता पहिली हरकत. ‘ला केस्त्यों’ मी उपसंपादकाच्या नजरेने, हातात पेन्सिल घेऊन वाचले आहे. खोडण्यासारखे विशेषण मला फारसे सापडले नाही. कोणत्या मजल्यावर नेले, दारात कोण उभे होते, विजेचे यंत्र लष्करी टेलिफोनला लागणारे हाताने फिरवायचे जनित्र होते, त्याचे चिमटे प्रथम कोठे लावले, लहान यंत्राने काम होईना तेव्हा मोठे कसे आणले, नळाचे पाणी तोंडावर कसे सोडले, पेंटोथाल या गुंगी आणणाऱ्या औषधाचे इंजेक्शन दिल्यावर आपले भान कसे सुटत गेले आणि आपण ते कसे धरून ठेवले, हे सारे त्या क्रमाने येते. वेदना कशी होती याचे वर्णन करण्याऐवजी काय केले गेले, हे ते सांगतात. शिवाय आरंभीच ते म्हणतात की, जेथे प्रत्येक कोठडीत दुःख भरलेले आहे अशा तुरुंगात स्वतःविषयी बोलणे जवळजवळ असभ्यपणाचे वाटते. आपली बाजू जिंकण्यासाठी लिहिणारा माणूस सहसा अशा रीतीने लिहीत नाही. आपल्या मजकुराची उलटतपासणी होणार हे ज्याला ठाऊक आहे, तो असे लिहितो. आणि ती होणारच होती, कारण अलेग यांनी न्यायाधिकाऱ्यांकडे रीतसर तक्रारही दाखल केली होती.

तरीही शैलीवरून सत्य ठरवणे मला पुरेसे वाटत नाही. म्हणून एकच प्रसंग घ्या. मोरिस ओदँ हे अल्जियर्स विद्यापीठात गणित शिकवणारे २५ वर्षांचे तरुण, अलेग यांचे पक्षसहकारी. ११ जून १९५७ च्या रात्री सैनिकांनी त्यांना घरातून नेले; दुसऱ्या दिवशी त्याच घरी अलेग गेले आणि तेथे दबा धरून बसलेल्यांच्या हाती सापडले. त्यानंतर छळ करणाऱ्यांनी ओदँ यांना अलेग यांच्यासमोर आणून उभे केले. चेहरा सुजलेला, आणि तोंडून एवढेच निघाले की, हे फार कठीण आहे. अलेग यांनी हा प्रसंग मोजक्या ओळींत लिहून ठेवला आहे. लष्कराने मात्र जाहीर केले की, २१ जून रोजी दुसरीकडे नेत असताना ओदँ गाडीतून उडी मारून पळाले. त्यानंतर ओदँ कोणालाच दिसले नाहीत.

आता दोन कथने समोरासमोर आली. एका बाजूला सहीशिक्क्याचा अहवाल आणि दुसऱ्या बाजूला बंदी घातलेल्या पत्राच्या कैदी संपादकाची आठवण. इतिहासकार पिएर विदाल-नाके यांनी १९५८ मध्येच कागदपत्रांतील विसंगती तपासून दाखवून दिले की, पलायनाची कथा हा रचलेला देखावा होता. त्याआधीच, डिसेंबर १९५७ मध्ये, पॅरिसच्या सॉर्बोन विद्यापीठात ओदँ यांच्या प्रबंधाचे परीक्षण त्यांच्या अनुपस्थितीत झाले होते. परीक्षक मंडळाने त्या माणसाला हाक मारण्याचा तो एक मार्ग होता. आणि १३ सप्टेंबर २०१८ रोजी राष्ट्राध्यक्ष माक्राँ यांनी ओदँ यांच्या पत्नी जोझेत यांच्या घरी जाऊन मान्य केले की, ओदँ यांचा मृत्यू लष्कराच्या ताब्यात असताना, शासनाने उभारलेल्या व्यवस्थेमुळे झाला. म्हणजे ६१ वर्षे सरकारी कागद खोटा होता आणि कैद्याची आठवण खरी होती. तुमचे मित्र कोर्टात होते. या दोन कथनांपैकी कोणते उलटतपासणीत टिकले, हे त्यांना वेगळे सांगावे लागणार नाही.

एक गोष्ट मला विशेष महत्त्वाची वाटते. भूमिगत असताना आपल्याला कोणी आसरा दिला, याविषयी १९५८ च्या पुस्तकात अलेग मौन पाळतात. छळ करणाऱ्यांना नेमके तेच हवे होते. ती माणसे तेव्हा अल्जियर्समध्येच होती आणि पुस्तकाचे पहिले वाचक लष्करी अधिकारी असणार होते. पत्रकाराच्या आठवणीत एखादी जागा मोकळी दिसली, तर ती विसरण्यामुळे राहिली की कोणाचा तरी जीव वाचवण्यासाठी, हे पाहिल्याशिवाय तिला उणीव म्हणू नये.

प्रतिसाद २ : शिलालेख

मी महाविद्यालयात इतिहास शिकवते. जुळारी यांनी छळाच्या साक्षीविषयी लिहिलेले मला पूर्ण मान्य आहे, आणि त्यात आणखी भर घालता येईल. जानेवारी १९५७ मध्ये अल्जियर्सचे पोलिसी अधिकार ज्यांच्याकडे सोपवले गेले, त्या जनरल मास्यू यांनी १९७१ मध्ये छळ झाल्याचे स्वतः लिहून मान्य केले आणि त्याचे समर्थनही केले. जून २००० मध्ये लुइझेत इगिलारिझ या स्वातंत्र्यसैनिक स्त्रीने आपल्यावर १९५७ साली झालेल्या अत्याचारांची हकिकत ‘ल माँद’ या फ्रेंच दैनिकातून प्रसिद्ध केली, त्यानंतर काही महिन्यांतच, १९५७ मध्ये मास्यू यांच्या हाताखाली असलेल्या जनरल ओसारेस यांनी आपण कैद्यांचा छळ केला आणि त्यांना ठार मारले, हे उघडपणे सांगितले. मुक्ती आघाडीचे नेते लार्बी बेन म’हिदी यांनी कोठडीत आत्महत्या केली, असे लष्कर १९५७ पासून सांगत होते. त्यांनाही आपल्याच आज्ञेवरून मारले, अशी कबुली ओसारेस यांनी २००१ मध्ये दिली. त्यामुळे अलेग यांच्या त्या महिन्याविषयी शंका घेण्यास आता जागा नाही.

माझा आग्रह वेगळ्या मुद्द्यावर आहे. साक्ष आणि इतिहास यांची गल्लत होऊ नये. एल बियारच्या खोलीत काय घडले, याचे अलेग हे प्रत्यक्ष साक्षीदार आहेत. संपूर्ण अल्जीरियन युद्धाचे ते साक्षीदार नाहीत, आणि त्या युद्धाविषयी ते जे मत मांडतात ते एका निष्ठावान कार्यकर्त्याचे मत म्हणून वाचावे लागते. मे १९५७ च्या अखेरीस, म्हणजे त्यांच्या अटकेच्या दोनच आठवडे आधी, मुक्ती आघाडीच्या सैनिकांनी मेलुझा परिसरात सुमारे ३०० गावकऱ्यांची कत्तल केली, कारण ते प्रतिस्पर्धी राष्ट्रवादी गटाचे समर्थक मानले जात होते. ऑगस्ट १९५५ मध्ये फिलिपव्हिलच्या परिसरात युरोपीय स्त्रिया आणि मुले मारली गेली आणि त्याच्या सूडापोटी फ्रेंचांनी कितीतरी अधिक अल्जीरियन मारले. अलेग यांच्या आठवणींबरोबर हे प्रसंग वाचले नाहीत, तर वाचकाच्या हाती युद्धाचा एकच चेहरा येईल.

आणि पत्रकारितेपुरते बोलायचे, तर सर्वांत बोचरे उदाहरण मुक्ती आघाडीच्या मुखपत्राचे आहे. अबान रमदान हे आघाडीचे अत्यंत कुशल संघटक, आघाडीची दिशा ठरवणाऱ्या १९५६ च्या सुमाम परिषदेचे शिल्पकार. डिसेंबर १९५७ मध्ये त्यांच्याच सहकाऱ्यांनी त्यांना मोरोक्कोत बोलावून गळा दाबून मारले. मे १९५८ मध्ये ‘अल मुजाहिद’ने काळ्या चौकटीत बातमी छापली की, अबान रणांगणावर वीरमरण पावले. एकाच वसंत ऋतूत पॅरिसमध्ये अलेग यांचे खरे पुस्तक जप्त होत होते आणि ट्युनिसमध्ये क्रांतीचे पत्र आपल्याच नेत्याच्या खुनावर पांघरूण घालत होते. वसाहतवादाविरुद्ध लिहिणारे विचारवंत फ्रान्झ फॅनन यांच्यासारखा प्रखर माणूस त्या वेळी त्याच पत्रात लिहीत होता, हे आठवले की मला आजही फार वाईट वाटते.

अलेग यांना न्याय द्यायचा, तर पुढचेही सांगायला हवे. १९६० मध्ये लष्करी न्यायालयाने त्यांना दहा वर्षांची शिक्षा दिली. ऑक्टोबर १९६१ मध्ये फ्रान्समधील रेन शहरातल्या रुग्णालयातून ते निसटले. १९६२ मध्ये स्वतंत्र अल्जीरियात परतून त्यांनी आपले दैनिक पुन्हा सुरू केले. जून १९६५ च्या लष्करी उठावानंतर ते पुन्हा बंद पडले आणि त्यांना देश सोडावा लागला. त्यांचे जुने सहकारी बशीर हाज अली यांना त्याच वर्षी पकडून स्वतंत्र अल्जीरियाच्या पोलिसांनी छळले. त्यांनी त्याची हकिकत लिहिली आणि ती १९६६ साली पुन्हा त्याच एदिसियों द मिन्वीने छापली. आपल्या गटात अलेग यांच्यासोबत ही हकिकतही वाचावी, असे मी सुचवीन. दोन्ही छळ एकाच शहरात झाले आणि मधली वर्षे फक्त आठ होती.

कृष्णाकाठ

आपण दोघांनीही इतक्या तपशिलाने लिहिलेत, याबद्दल मनापासून आभारी आहे. अबान रमदान यांच्याविषयीची माहिती वाचून मी बराच वेळ काही लिहू शकलो नाही. पुढच्या बैठकीत आधी १९५८ ची हकिकत आणि मग २००५ च्या आठवणी, असा क्रम लावतो. एक विचारायचे राहिले. या लढ्याशी आपल्याकडील कोणा पत्रकाराचा संबंध होता का? आणि पत्रकार नसलेल्या सामान्य अल्जीरियन माणसांच्या आठवणी कोणी ऐकल्या आहेत का?

प्रतिसाद ३ : बार्देसकर

पहिल्या प्रश्नाचे उत्तर देतो. आकिनो द ब्रागान्सा हे आमच्या बार्देशचे, जन्म १९२४. फ्रान्समध्ये शिकले, मग मोरोक्कोत शिकवू लागले. एप्रिल १९६१ मध्ये कासाब्लांकात पोर्तुगीज वसाहतींतील मुक्ती संघटनांची जी परिषद झाली, तिच्यात अंगोला, गिनी, मोझांबिक यांच्यासोबत गोवाही होता आणि आकिनो तेथे होते. पुढे स्वतंत्र झालेल्या अल्जियर्समध्ये राहून त्यांनी पत्रकारिता केली. आफ्रिकेतील सगळ्या लढ्यांचे नेते त्या शहरात येत-जात असत आणि हा गोमंतकीय बातमीदार त्यांना व्यक्तिशः ओळखत असे. नंतर ते मोझांबिकची राजधानी मापुतो येथील विद्यापीठात आफ्रिका अभ्यास केंद्राचे संचालक झाले. १९८२ साली पार्सलमधून आलेल्या ज्या बॉम्बने दक्षिण आफ्रिकेतील वर्णभेदविरोधी कार्यकर्त्या रूथ फर्स्ट यांचा बळी घेतला, त्यात तेही जखमी झाले, आणि १९ ऑक्टोबर १९८६ रोजी मोझांबिकचे राष्ट्राध्यक्ष सामोरा माशेल यांच्यासोबत विमान अपघातात त्यांचा अंत झाला. त्यांनी पाहिलेले बरेचसे नियतकालिकांतील लेखांत आणि मुलाखतींत विखुरलेले आहे. गोव्यात त्यांचे नाव ठाऊक असलेली माणसे मला फार थोडी भेटतात, ही माझी मोठी खंत आहे.

त्रिस्ताँव ब्रागांझ कुन्हा यांचेही स्मरण येथे करावेसे वाटते. पॅरिसमध्ये शिकत असताना त्यांनी गोव्याची बाजू फ्रेंच पत्रांतून मांडली. १९४६ मध्ये पोर्तुगीजांनी त्यांना आठ वर्षांची शिक्षा देऊन पोर्तुगालमधील पेनिशच्या किल्ल्यात ठेवले, आणि तेथून सुटून मुंबईत आल्यावर त्यांनी पुन्हा हाती घेतले ते वर्तमानपत्रच. ते १९५८ साली वारले. अलेग यांचे पुस्तक निघाले तेच हे वर्ष.

प्रतिसाद ४ : दूरदेशी

दुसऱ्या प्रश्नाविषयी माझ्याजवळ एकच आठवण आहे. ऐंशीच्या दशकात एका बांधकाम प्रकल्पावर मी दोन वर्षे अल्जियर्समध्ये होतो. आमच्या कार्यालयात एक आरेखक होते, कसबा या जुन्या वस्तीत वाढलेले. युद्धाविषयी ते बोलत नसत आणि आम्हीही विचारत नसू. एकदा ओदँ चौकातून जाताना मी त्यांना विचारले की, हे ओदँ कोण? मुख्य रस्त्यावरचा तो चौक आहे, आणि आजूबाजूच्या रस्त्यांना स्वातंत्र्यानंतर हुतात्म्यांची नावे दिली असल्यामुळे मला हे फ्रेंच नाव वेगळे वाटले होते. त्यांनी ओदँ यांच्याविषयी दोन वाक्ये सांगितली आणि मग स्वतःहून बारबरूस तुरुंगाविषयी बोलू लागले.

तो तुरुंग कसब्याच्या वरच्या टोकाला आहे. आता त्याला सर्काजी म्हणतात. जून १९५६ पासून तेथे मुक्ती आघाडीच्या कैद्यांना गिलोटिनखाली मारले जाऊ लागले. ते म्हणाले की, पहाटे आधी आतून कैद्यांचा एकच मोठा आवाज उठे, आणि मग कसब्यातील घराघरांच्या गच्च्यांवरून बायका जिभेने तो लांब, कंपित स्वर काढून त्याला उत्तर देत. ते तेव्हा दहा-अकरा वर्षांचे होते. अशा पहाटेच्या तारखा त्यांना सांगता येत नव्हत्या, संख्याही सांगता येत नव्हती. आई अंथरुणातून उठून काही न बोलता गच्चीवर जाई आणि त्या दिवशी कॉफी उशिरा होई, हे त्यांना आठवत होते. त्यांनी अलेग वाचले होते का, हे मी विचारले नाही. अनेक वर्षांनी मी ‘ला केस्त्यों’ वाचले, तेव्हा भिंतीच्या आतल्या बाजूने ऐकलेली तीच पहाट मला त्यात भेटली.